सिस्टरसाठी वेगळी खोली

कोपनहेगन
१४ जानेवारी २०२३

प्रिय विनी,

जय येशू.

टिफनीची दहावीची परीक्षा संपली की मे महिन्यात तुम्ही चौघं खरोखरच इकडे येणार, हे तुझ्या ई-मेलमध्ये पुन्हा पुन्हा वाचलं. गॉडफ्रेशी फोनवरही बोलले, पण माझा भाऊ माझ्याशी कसा बोलतो ते तुला ठाऊक आहे. ‘होय सिस्टर, बरं सिस्टर, प्रार्थनेत आठवण ठेवा सिस्टर.’ पालकमंत्र्याशी बोलावं तसं. तेव्हा सहलीचं जे काही ठरवायचं ते मी आपलं तुझ्याशीच ठरवते. सख्ख्या भावापेक्षा भावजय बरी.

दोनच शहरं करा. कोपनहेगन आणि स्टॉकहोम. इथे लोक आठ दिवसांत पाच देश करायला येतात आणि आपण कुठे जाऊन आलो ते घरी गेल्यावर फोटोत बघतात. इथून स्टॉकहोमला रेल्वेने पाच-साडेपाच तास लागतात, वाटेत समुद्रावरचा लांब पूल आहे, मुलांना मजा वाटेल. दिवसाला एकच गोष्ट बघायची आणि उरलेला वेळ पाण्याकाठी बसून काढायचा. मे अखेरीस रात्री साडेनऊपर्यंत छान उजेड असतो, काळोख पडेल म्हणून पळायला नको. मात्र जाड पडदे असलेलं घर बघ, नाहीतर धाकटा वॉल्टर पहाटे चारला उठून सगळ्यांना उठवेल. हॉटेल घेऊच नका. स्वयंपाकघर असलेलं घर घ्या, म्हणजे पेजभातही करून खाता येईल.

आणि एक सांगायचं आहे. मी मदर सुपिरियरकडे रजा मागितली. इथे आल्यापासून अशी रजा मी कधी मागितलीच नव्हती, त्यामुळे त्यांना आधी वाटलं घरी कुणी वारलं. आमच्या वृद्धाश्रमातलं माझं काम दोघी तरुण सिस्टर बघणार आहेत. तर तुमचे अकराही दिवस मी तुमच्याबरोबर आहे, इथेही आणि स्टॉकहोमलाही. मला फार आनंद झाला आहे. कधी एकदा मे उजाडतो असं झालं आहे.

मुलांना गोड पापा.

तुझी नणंद,
सिस्टर एलिसा


नंदाखाल
२२ जानेवारी २०२३

आदरणीय सिस्टर,

जय येशू.

तुम्ही बरोबर येणार हे वाचून आम्ही सगळे खूश आहोत. पण तुम्ही आराम करा असं लिहिलंत आणि ते तुमच्या भावाला दाखवायची चूक मी केली. त्याने आरामसुद्धा एक्सेलमध्ये घातला. रोज दुपारी तीन ते पावणेचार, पिवळ्या रंगात, ‘आराम, सक्तीचा’. निळ्या रंगात राजवाडे, हिरव्यात बागा, लाल रंगात चर्चेस. मी म्हटलं, ‘अरे, त्या माणसांना एकेक राजवाडा बांधायला पिढ्या लागल्या, तू सकाळच्या चहाआधी दोन कसे उरकतोस?’ तर म्हणाला, ‘पुन्हा कधी जाणार आहोत?’

सगळ्यात मोठा हट्ट स्टॉकहोमच्या जहाजाचा. शेकडो वर्षांपूर्वी बुडालेलं, समुद्रातून वर काढून ठेवलेलं. नाव ‘वासा’. वसईच्या माणसाने वासा पाहिलं नाही तर काय पाहिलं, असं तो ऑफिसात सांगत फिरतो. हा विनोद आमच्या आगाशीच्या शाळेच्या स्टाफरूमपर्यंत पोचलाय, आणि तिथेही कुणी हसलं नाही.

वॉल्टर विचारत होता, आत्या सुट्टीतसुद्धा पांढरा झगा घालणार का? मी डोळे वटारले तेव्हा गप्प बसला. लहान आहे, राग मानू नका.

तुमच्यासाठी इथून काय आणू ते कळवा. तुमच्या सोयीची मात्र अजिबात काळजी करू नका, ते मी आणि गॉडफ्रे बघतो. तुम्हाला आमचा कसलाही त्रास होता कामा नये.

आपली नम्र,
विनी


कोपनहेगन
५ फेब्रुवारी २०२३

प्रिय विनी,

वॉल्टरला सांग, आत्या झगा घालणार नाही. इथे आम्ही साधा स्कर्ट-ब्लाऊज घालतो, थंडीत चक्क पॅन्ट. आणि यात रागावण्यासारखं काय होतं? पुढच्या वेळी डोळे वटारू नकोस, त्याचं त्यालाच मला लिहू दे.

जहाज जरूर बघू. ते पहिल्याच सफरीला निघालं आणि बंदरातल्या बंदरात बुडालं. वरच्या बाजूला नको इतकं ओझं चढवलं होतं म्हणे. एक्सेल करणाऱ्याला हे मुद्दाम वाचून दाखव.

आणायचीच असतील तर सुकेळी आण, राजेळी केळ्यांची, केळीच्या सोपटात बांधलेली. उन्हात वाळवलेलं केळं इतकं गोड लागतं हे मी इथल्या म्हाताऱ्यांना सांगून दमले. ते मान डोलावतात, पण विश्वास ठेवत नाहीत. सुके बोंबील मात्र आणू नकोस. एकतर कस्टमवाले अडवतील, आणि नाही अडवलं तर आमचं सगळं कॉन्व्हेंट खिडक्या उघडून रस्त्यावर जाऊन उभं राहील.

घर फार मोठं बघत बसू नका. दोन खोल्या पुष्कळ झाल्या. आम्ही नंदाखालला सात जण एका खोलीत झोपायचो आणि गॉडफ्रे लाथा झाडायचा. अंथरुणावर पडल्या पडल्या ज्या गप्पा होतात त्या दिवसा होत नाहीत बघ.

तुझी,
सिस्टर एलिसा


नंदाखाल
२ मार्च २०२३

आदरणीय सिस्टर,

जय येशू.

व्हिसाचं काम झालं. वॉल्टर फोटोत हसला म्हणून त्याचा फोटो दोनदा काढावा लागला. तिकिटं झाली, दोन्हीकडची घरं झाली. कोपनहेगनचं घर तुमच्या कॉन्व्हेंटपासून चालत जाण्यासारखं आहे, म्हणजे झोपायला तुम्हाला आपली खोली आहेच. खरी धावपळ केली ती स्टॉकहोमला तुमच्यासाठी.

आपल्या चर्चमधले एक फादर रोमला शिकून आलेत. त्यांना धरलं. त्यांच्या ओळखीने तिथल्या एका कॉन्व्हेंटच्या पाहुणेघरात तुम्हाला स्वतंत्र खोली मिळाली आहे. बागेकडे तोंड, खाली चॅपेल, सकाळची मिस्सा तिथल्या तिथे. आमच्या घरापासून बसने वीस मिनिटं. गॉडफ्रे रोज नाश्त्यानंतर तुम्हाला न्यायला येईल आणि संध्याकाळी सातच्या आत परत पोचवेल. एक्सेलमध्ये या ने-आणीला त्याने पांढरा रंग दिलाय. मुलांनाही ताकीद दिली आहे की सिस्टर असताना मोबाईल नाही, भांडण नाही.

आमच्यात तुमचे हाल झाले असते, सिस्टर. वॉल्टर दिवसभर ओरडतो, गॉडफ्रे घोरतो, बाथरूम एकच. सिस्टरला असल्या गोंधळात ठेवलं हे वाडीत कळलं तर लोक आमच्या तोंडात शेण घालतील. आता सगळं मनासारखं झालं. माझा जीव भांड्यात पडला.

आपली नम्र,
विनी


कोपनहेगन
६ मार्च २०२३

प्रिय विनी,

बुकिंगचं वाचलं. चालेल. तुम्ही दोघांनी माझ्यासाठी एवढे कष्ट घेतलेत, देव तुमचं भलं करो. इथे प्रायश्चित्तकाळ सुरू झाला आहे आणि काम पुष्कळ आहे, म्हणून थोडक्यात लिहिते.

सिस्टर एलिसा


कोपनहेगन
२५ मार्च २०२३

प्रिय विनी,

एक कळवायचं राहिलं. मला तुमच्याबरोबर स्टॉकहोमला येता येईलसं वाटत नाही. आश्रमात माणसं कमी पडत आहेत. तुम्ही कोपनहेगनला असाल तेव्हा मी दुपारी येऊन तुम्हाला भेटत जाईन. स्टॉकहोमच्या खोलीचं त्या सिस्टरांना कळवून टाक. तुम्ही मजेत फिरा, माझ्यासाठी काही अडवू नका. माझं काय, कसंही चालेल.

सिस्टर एलिसा


नंदाखाल
२७ मार्च २०२३

आदरणीय सिस्टर,

मी इतकी वर्षं सातवी-आठवीची मुलं सांभाळतेय. ‘बाई, पोटात दुखतंय’ म्हणजे दुसऱ्या तासाला गणित आहे हे मला न विचारता कळतं. तेव्हा माणसं कमी पडतात वगैरे मला सांगू नका. जानेवारीत दोघी सिस्टर तुमचं काम बघणार होत्या, त्यांना काय पंख फुटले?

तुमच्या आईसुद्धा ‘चालेल’ म्हणायच्या. सासूबाई ‘चालेल’ म्हणाल्या की पुढचे तीन दिवस माझ्याशी बोलायच्या नाहीत, आणि चौथ्या दिवशी कळायचं की वालात गूळ कमी पडला होता. तुमच्या दोन पत्रांत दोन ‘चालेल’ आहेत. एवढं मला वाचता येतं.

तुम्ही रागावलात. का, ते मला कळत नाही. खोली लहान वाटली? बसचा प्रवास नको? गॉडफ्रे म्हणतो, ‘सिस्टरना असं विचारायचं नसतं, त्यांची इच्छा.’ मला ते जमणार नाही. लग्न करून या घरात आले तेव्हापासून तुम्ही चारदा आलात, चारही वेळा मी तुमच्यासाठी फुलांच्या नक्षीची ताटली कपाटातून काढली, उशीचे नवे अभ्रे शिवले, आणि चारही वेळा तुम्ही ‘सगळं छान होतं’ म्हणून गेलात. छान होतं की नव्हतं हे मला आज कळलं पाहिजे.

तुम्ही येणार नसाल तर स्टॉकहोम रद्द. तुमच्या भावाचं जहाज बुडालं तर बुडालं, नाहीतरी त्याला सवय आहे.

रागात लिहिलंय. माफी नंतर मागेन.

विनी


कोपनहेगन
९ एप्रिल २०२३, ईस्टर

प्रिय विनी,

सणाच्या शुभेच्छा. उत्तराला उशीर झाला कारण लिहीत होते आणि खोडत होते. एवढा उपवासकाळ गेला, पण प्रायश्चित्त मला तुझ्या पत्राने घडलं. आईची गोष्ट वाचून खूप हसले. मी अगदी तिच्यावर गेले आहे.

मला वेगळी खोली नको होती. तुमच्याबरोबर राहायचं होतं. तुम्ही जिथे झोपाल तिथे, तुमच्या गोंधळात, एका बाथरूमच्या रांगेत. मी स्पष्ट लिहायला हवं होतं, पण मागून घ्यायची लाज वाटली. आणि तुझं पत्र आलं तेव्हा वाटलं, इथेही पाहुणीच का?

तुझ्या ताटलीबद्दल विचारलंस म्हणून सांगते. ताटली सुंदर आहे. पण तुम्ही सगळे जेवता त्या स्टीलच्या ताटात मला कुणी वाढत नाही. मी घरी आले की आधी मला वाढतात, मग सगळे माझं होईपर्यंत उभे. गाडीत पुढची सीट माझी. वरची खोली माझी, एकटीची. गेल्या खेपेला जेवण झाल्यावर मी वर गेले आणि खाली तुम्ही हसायला लागलात. गॉडफ्रे कुणाची तरी नक्कल करत होता. मला राहवलं नाही म्हणून जिना उतरून आले. मला बघताच त्याने हातातला ग्लास खुर्चीमागे ठेवला, टिफनीने गाणं बंद केलं, तू पंखा माझ्याकडे वळवलास आणि म्हणालीस, ‘काही हवंय का सिस्टर?’ मला जे हवं होतं ते तुम्ही नेमकं बंद केलं होतंत. मी पाणी मागितलं आणि वर गेले.

घरात माझं नाव कार्मिन. कॉन्व्हेंटमध्ये गेल्यावर एलिसा झाले. गॉडफ्रे माझ्यापेक्षा दहा वर्षांनी लहान. त्याला मी विहिरीवर आंघोळ घालायची, पाटाच्या चिखलात लोळला की धपाटे घालायची, आणि तो ‘कार्मिनबाय मेली, कार्मिनबाय मेली’ असे शाप देत वाडीभर बोंबलत फिरायचा. मी निघाले त्या दिवशी केळीच्या बेटामागे लपून बसला, बाहेर यायलाच तयार नव्हता. वर्षाने घरी आले तर दारात हात जोडून उभा. म्हणाला, ‘सिस्टर, तुम्हाला पाणी देऊ का?’ आईने शिकवलं होतं. आई अभिमानाने बघत होती, म्हणून मीही हसले. त्याला आता चाळीस वर्षं झाली. तेव्हापासून तो माझ्याशी एकदाही भांडलेला नाही.

मी या वाटेने आले याचा मला कधीच पस्तावा झाला नाही, हे नीट वाच, नाहीतर फादरांकडे धाव घेशील. मी एकसष्ट वर्षांची आहे आणि घरी जायची पाळी कैक वर्षांनी येते. मला थोडे दिवस घरातलं माणूस व्हायचं होतं, एवढंच.

आता तुला जमत असेल तसं कर.

तुझी,
कार्मिन


नंदाखाल
१२ एप्रिल २०२३

प्रिय कार्मिनबाय,

‘तू’ म्हणायला मला वेळ लागेल, घाई करू नका.

पत्र वाचून मी रडले, मग मला माझाच राग आला, आणि मग मी पाहुणेघराची खोली रद्द केली. या क्रमाने. फादर विचारत होते काय झालं. म्हटलं, नणंद आमच्यात झोपणार आहे. ते म्हणाले, ‘बरं झालं.’ मग मला त्यांचाही राग आला, आधी का नाही बोललात?

गॉडफ्रेला मी तुमचं पत्र वाचून दाखवलं. तो उठला आणि केळीला पाणी लावायला गेला, आदल्याच दिवशी लावलं होतं तरी. बराच वेळ आला नाही. त्याच्याकडून फार अपेक्षा ठेवू नका हो, त्याला चाळीस वर्षांची सवय आहे. पण रात्री एक्सेलमधून त्याने पांढरा रंग काढून टाकला आणि अर्धे राजवाडेही.

आता झोपण्याची व्यवस्था. दोन्ही शहरांत एका खोलीत तुम्ही, मी आणि टिफनी. तुम्हाला भिंतीकडची बाजू, कारण टिफनी हातपाय पसरते. दुसऱ्या खोलीत घोरणारा आणि ओरडणारा. कोपनहेगनलाही कॉन्व्हेंटमध्ये परत जायचं नाही.

आणि कामं. पाहुण्यांना आमच्याकडे कामं सांगत नाहीत, तुम्हाला सांगतेय. सकाळचा चहा तुमचा. कांदा तुम्ही चिरायचा, माझे डोळे झोंबतात. रोज कुठे बसायचं ते तुम्ही ठरवायचं. वॉल्टरचे पायमोजे शोधायचे, हे सगळ्यात कठीण काम आहे. गॉडफ्रेची नवी मोठी काळी छत्री त्याने विरारहून सहलीसाठी मुद्दाम आणली आहे, तीही तुमच्याकडे, कारण तो स्वतः वस्तू कुठेही विसरतो.

फुलांची ताटली मी बाजाराच्या पिशवीत गुंडाळून माळ्यावर टाकली.

तुमची,
विनी


कोपनहेगन
३ जून २०२३

प्रिय विनी,

तुम्ही सुखरूप पोचल्याचं टिफनीने कळवलं. आमच्या म्हाताऱ्यांनी सुकेळी खाल्ली. त्यातल्या एक आजीबाई आता रोज विचारतात, तुझी माणसं परत कधी येणार? त्यांना माणसांपेक्षा केळ्यांची काळजी आहे.

अकरा दिवसांत आपण काय काय पाहिलं ते मला नीट सांगता येणार नाही. तळ्याकाठचा बाक आठवतो, जिथे वॉल्टरने बदकांना तुझी चपाती घातली. जहाजासमोर तुझा नवरा मान वर करून बघत राहिला तेही आठवतं. शेवटी म्हणाला, ‘आपल्या एक्सेलसारखंच झालं याचं.’ आणि टिफनी झोपेत हातपाय पसरते हे खरं आहे, माझ्या बरगड्या अजून साक्ष देतील.

पण तू पैज लावली होतीस की गॉडफ्रे काही बदलणार नाही, आणि नऊ दिवस तूच जिंकत होतीस. ‘सिस्टर, तुम्ही बसा. सिस्टर, मी कांदा चिरतो.’ मी आशा सोडली होती. मनाशी म्हटलं, चालेल. होय, तेच ‘चालेल’.

म्हणून स्टॉकहोम स्टेशनवरचं मला पुन्हा लिहायचं आहे. तू तिथे होतीस, तरी लिहिते. परतीची गाडी लागलेली, तुम्ही डब्यात बसलेले आणि त्याने विचारलं, ‘छत्री?’ मी हात बघितले. छत्री नव्हती. तो खाली उतरला, बाकापर्यंत पळाला, परत आला, घामाघूम, गाडी सुटायला आलेली. आणि दारात उभा राहून सगळ्या डब्यासमोर आपल्या घरच्या बोलीत ओरडला. ती बोली मी इथे लिहीत नाही. साधारण अर्थ असा की, ‘कार्मिनबाय, अक्कल कुठे गहाण टाकलीस? एक वस्तू सांभाळायला दिली, ती पण तुला जमत नाही!’

मुलं दगड झाली. तू तोंडावर हात ठेवलास. आणि मी हसायला लागले, मग डोळ्यांतून पाणी यायला लागलं, थांबेचना. समोरच्या बाईने मला कागदी रुमाल दिला आणि तिने गॉडफ्रेकडे असं बघितलं की तो खिडकीकडे तोंड करून बसला तो पार पूल येईपर्यंत. मग त्याने स्वतःच्या पावातला अर्धा मला दिला. अंडं त्याच्याच अर्ध्यात राहिलं. लहानपणीही तो असंच करायचा.

चाळीस वर्षांनी घरातलं कुणीतरी माझ्यावर ओरडलं, विनी. छत्री हरवल्याचं मला वाईट वाटतं, त्याला सांग. फार नाही.

तुझी,
कार्मिन


नंदाखाल
११ जून २०२३

कार्मिनबाय,

हे पत्र मी लिहितोय, विनी नाही. ती शेजारी उभी राहून बघतेय.

आज बॅगा माळ्यावर टाकायला घेतल्या. छत्री माझ्याच बॅगेत होती, खालच्या कप्प्यात. स्टॉकहोमला मीच ठेवली असणार.

विनी म्हणते, माफी माग. मी विचार केला आणि मागायची नाही असं ठरवलं. ओरडलो ते ओरडलो, परत घेत नाही.

वरची खोली वॉल्टरला दिली आहे. तुझी घरी यायची पाळी येईल तेव्हा खाली आमच्यात झोपायचं. आणि भिंतीकडची बाजू मिळणार नाही, ती माझी.

गॉडफ्रे